शहराची कोडी कुणी घालायची?

पुण्याच्या सोमवार पेठेत, नागझरीच्या काठाला, त्रिशुंड गणपतीचं देऊळ आहे. अठराव्या शतकातलं, काळ्या दगडाचं, आसपासच्या इमारतींत दडून गेलेलं. त्याच्या दर्शनी भिंतीवर साखळदंडानं जखडलेला एक गेंडा कोरला आहे आणि त्याला धरून परदेशी वेशातले शिपाई उभे आहेत. पुण्यात गेंडा कुठून आला, पाथरवटाला तो देवळाच्या दारावर का कोरावासा वाटला, ते शिपाई कोण, हे प्रश्न तिथे उभं राहिल्यावर पडल्यावाचून राहत नाहीत. प्लासीच्या लढाईनंतर इंग्रजांनी बंगाल ताब्यात घेतला, त्याचं हे चित्र आहे असा अर्थ लावला जातो. आत संस्कृत शिलालेखांच्या जोडीला एक फारसी शिलालेख आहे. गणपतीला तीन सोंडा आहेत आणि तो मोरावर बसला आहे. एवढं सगळं एका लहानशा देवळात आहे आणि शेजारच्या रस्त्यानं रोज जाणाऱ्या बहुतेकांनी त्यातलं काहीही पाहिलेलं नाही.

आता हाच गेंडा फोनवर कोडं होऊन आला तर काय होईल? ‘दाराजवळ साखळीनं बांधलेलं जनावर ओळखा, मगच पुढचा पत्ता कळेल.’ माणूस गाडी लावतो, चपला काढतो, भिंतीपाशी जातो, झिजलेल्या दगडात जनावर शोधतो. बरोबरचं लहान मूल बहुधा आधी ओळखतं. पुजाऱ्याशी दोन वाक्यं होतात. वीस मिनिटं जातात, आणि त्या वीस मिनिटांत एक दगड त्या माणसाच्या ओळखीचा होतो. फोनवरच्या कोड्यांच्या मागानं, कुणी गाइड न घेता, आपल्या वेळेनं आणि आपल्या पायांनी शहर पाहण्याचा हा जो खेळ आहे, ज्याला आपल्याकडची कॉलेजची मुलं सरळ ट्रेझर हंट म्हणतात, त्याचं सगळं मोल या थांबण्यात आहे. परदेशांतल्या अनेक शहरांत असे खेळ पैसे घेऊन विकले जातात. आपल्याकडेही ते येत आहेत आणि वाढणार आहेत. माझं म्हणणं असं, की हा प्रकार फार कामाचा आहे, आणि म्हणूनच तो केवळ विकणाऱ्यांच्या हाती सोडू नये. ग्रंथालय किंवा बाग जशी गावाची असते, तशी शहराची कोडीही गावाची असली पाहिजेत. ती महापालिकेनं, शाळांनी आणि त्या त्या पेठेत राहणाऱ्यांनी मिळून करावीत, फुकट द्यावीत, आणि मराठीत करावीत.

या खेळाचा इतिहास पाहिला की हे का म्हणतो ते कळेल. जीपीएसच्या नागरी वापराच्या संकेतांत अमेरिकी सरकार पूर्वी मुद्दाम चूक मिसळत असे. २ मे २००० रोजी ती बंद झाली आणि सामान्य माणसाच्या हातातलं यंत्र एकदम काही मीटरपर्यंत अचूक झालं. दुसऱ्याच दिवशी डेव्ह उल्मर यांनी ओरेगन राज्यात एका रानात वस्तू भरलेली बादली ठेवली आणि तिचे अक्षांश-रेखांश इंटरनेटवर जाहीर केले. त्यातून जिओकॅशिंग, म्हणजे अक्षांश-रेखांशांवरून लपवलेल्या वस्तू शोधण्याचा खेळ, जन्मला. ज्यानं वस्तू लपवली त्याला ती जागा माहीत होती, तो तिथे स्वतः गेलेला होता. सोळा वर्षांनी, जुलै २०१६ मध्ये, खऱ्या जागी जाऊन फोनच्या पडद्यावर काल्पनिक प्राणी पकडायचा पोकेमॉन गो हा खेळ आला आणि जगभर कोट्यवधी माणसं फोन पुढे धरून रस्त्यावर उतरली. त्यातली ठिकाणं इन्ग्रेस नावाच्या आधीच्या खेळाच्या साठ्यातून उचललेली होती. कोणती जागा कशासाठी आहे हे कुणी नव्यानं तपासलं नव्हतं. वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट स्मृती संग्रहालयाला लोकांना विनंती करावी लागली, की इथे हा खेळ खेळू नका. आपल्याकडे गुजरात उच्च न्यायालयात याचिका झाली, कारण खेळातली अंडी प्रार्थनास्थळांमध्ये दिसत होती.

लाखो लोकांना घराबाहेर काढण्याची ताकद त्या खेळानं दाखवली, हे मी मान्य करतो. पण त्या माणसांना ज्या चौकात उभं केलं त्या चौकाबद्दल खेळाला काही सांगायचं नव्हतं. चौक फक्त पडद्यामागचं कापड होता. दूर कुठेतरी बसून, नकाशावर टिंबं टाकून केलेल्या प्रत्येक खेळात हा दोष राहणार. पुण्यासाठी असा खेळ बनवला तर त्यात काय येईल हे आत्ताच सांगता येतं. शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजाचे खिळे येतील. लाल महाल येईल, विश्रामबागवाड्याचे कोरीव खांब येतील. पर्वती येईल आणि पायऱ्या मोजायला सांगतील. या सगळ्या जागा पाहण्यासारख्याच आहेत, त्यांच्याबद्दल माझी तक्रार नाही. पण पर्वतीच्या त्याच टेकडीवर १९२९ साली दलितांना मंदिरप्रवेश मिळावा म्हणून सत्याग्रह झाला. पायऱ्या मोजून घरी गेलेल्या माणसाला तो कळणार नाही. कोडं घालणारा माणूस तुम्हाला कुठे बघायला लावायचं हे ठरवतो आणि कुठे बघू द्यायचं नाही हेही ठरवतो. इतका मोठा निर्णय कुणाचा असावा, हा सार्वजनिक प्रश्न आहे.

मला करायला मिळाला तर मी पुण्याचा पहिला खेळ पाण्याचा करीन. अठराव्या शतकाच्या मध्यावर, नानासाहेब पेशव्यांच्या काळात, कात्रजला तलाव बांधून तिथलं पाणी जमिनीखालच्या दगडी नळातून शहरात आणलं गेलं. पंप नाही, नुसता उतार. नळात हवा कोंडू नये आणि गाळ काढता यावा म्हणून वाटेत उच्छ्वास बांधले. शहरात ते पाणी हौदांत पडायचं आणि हौदांवरून माणसं भरायची. त्या हौदांची नावं अजून पत्त्यांमध्ये जिवंत आहेत. साततोटी चौकात बसमधून उतरणाऱ्याला किंवा काळ्या हौदाजवळ वस्तू घेणाऱ्याला आपण एका जुन्या पाणीपुरवठा योजनेच्या नकाशावर उभे आहोत हे माहीत नसतं. एका हौदापासून दुसऱ्यापर्यंत, उताराच्या दिशेनं चालत जायचं, आणि प्रत्येक ठिकाणी रस्ता कुठे किंचित खाली जातो हे पायांनी ओळखायचं, असं कोडं घातलं तर सातवीतल्या मुलाला भूगोल, विज्ञान आणि इतिहास एकाच सकाळी भेटतील. वाहनावरून हा उतार कळतच नाही. तो चालणाऱ्यालाच कळतो.

आणि पाण्याच्या मागे गेलं की जात येते, ती टाळता येत नाही. हौद होते, पण सगळ्यांसाठी नव्हते. १८६८ मध्ये जोतीराव फुल्यांनी गंज पेठेतल्या आपल्या घरचा पाण्याचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. ज्या शहरात कात्रजपासून पाणी आणण्याची हिकमत होती, त्या शहरात एका माणसाला स्वतःच्या दारातला हौद उघडा करणं हे बंड ठरावं, ही गोष्ट पुस्तकात वाचण्यापेक्षा, चार हौद पायी पालथे घालून पाचव्याला फुले वाड्याशी पोचल्यावर फार वेगळी लागते. तिथून गुरुवार पेठेतलं पंचहौद मिशन लांब नाही. १८९० मध्ये तिथे मिशनऱ्यांनी दिलेला चहा घेतला म्हणून टिळक, रानडे आणि इतर कित्येक प्रतिष्ठितांवर ग्रामण्य, म्हणजे जातीतून वाळीत टाकण्याची कारवाई, झालं, वाद शंकराचार्यांपर्यंत गेला, प्रायश्चित्तं घ्यावी लागली. हौदाचं पाणी आणि कपातला चहा, दोन्ही ठिकाणी प्रश्न एकच होता, की कुणाच्या हातचं कुणी प्यायचं. पुढे मंडईतही फुले भेटतात. ही अष्टकोनी दगडी इमारत १८८६ मध्ये रे मार्केट म्हणून उभी राहिली. नगरपालिकेत असताना फुल्यांनी तिच्यावरच्या खर्चाला विरोध केला होता. आज ती त्यांच्याच नावानं ओळखली जाते. हा धागा ज्या माणसानं पायी गाठला त्याला पेठा ही नुसती अरुंद गल्ल्यांची अडचण वाटणार नाही.

असा खेळ बाजारासाठी बनवणारा बनवेल का? मला शंका आहे. त्याला दोन तासांत संपणारी, फोटो चांगला येणारी, कुणालाही न खुपणारी वाट हवी असते, आणि त्याच्या बाजूनं ते रास्तही आहे. म्हणून तर हे काम शहरानं करायचं.

याला पहिला आक्षेप येतो तो फोनचा. आधीच माणसं मान खाली घालून चालतात, त्यात हे आणखी कशाला? आक्षेप खरा आहे आणि त्याचं उत्तर खेळाच्या रचनेतच द्यावं लागतं. नकाशावर निळं टिंब दाखवून, ‘चाळीस पावलं पुढे, मग उजवीकडे’ असं सांगत नेलं तर माणूस टिंबाकडेच बघणार. शिवाय ते टिंब पेठांत खोटं बोलतं. मोकळ्या आकाशाखाली फोनचा जीपीएस साधारण पाच मीटरपर्यंत बरोबर असतो, पण दोन्ही बाजूंना उंच इमारती असलेल्या बोळात उपग्रहाचे संकेत भिंतींवर आपटून येतात आणि टिंब पलीकडच्या गल्लीत उडी मारतं. तेव्हा वाट खुणांनीच सांगावी, आपल्याकडे लोक सांगतात तशी: भिकारदास मारुतीवरून पुढे, पिंपळाच्या पाराशी डावीकडे. सोन्या मारुती, जिलब्या मारुती, डुल्या मारुती, खुन्या मुरलीधर, पासोड्या विठोबा ही देवांची नावं पुणेकरांनी वाट सांगण्यासाठीच जणू ठेवलीत, आणि प्रत्येकामागे एक दंतकथा आहे. पानिपतात मराठ्यांचा संहार झाला तेव्हा डुल्या मारुती डोलला म्हणतात. इतिहास म्हणून हे टिकणार नाही, पण पानिपतची बातमी या शहराला कशी लागली असेल ते त्या एका नावात आहे.

शिवाय खेळातून घड्याळ काढून टाकावं. गुण, क्रमांक, ‘सर्वात लवकर पूर्ण करणारा गट’ हे सगळं जावं. शर्यत लागली की मुलं गेंड्याकडे धावत येतील, उत्तर टाकतील आणि धावत जातील. आपल्या रस्त्यांवर, आपल्या पदपथांच्या अवस्थेत, मुलांना घाईनं रस्ता ओलांडायला लावणं हे सरळ धोक्याचं आहे. आणि उत्तर नेहमी जागेवर असावं. जे उत्तर घरी बसून शोधयंत्रावर मिळतं ते कोडं रद्द समजावं. ‘शनिवारवाड्याची पायाभरणी कोणत्या साली झाली?’ हे कोडं नाही. १७३० हे उत्तर शोधायला वाड्यात जाण्याची गरज नाही. ‘दिल्ली दरवाजाच्या खिळ्यांची टोकं जमिनीपासून किती उंचीवर सुरू होतात, आणि तिथेच का?’ हे कोडं आहे. मूल दाराला पाठ लावून उभं राहील, आपल्या डोक्याशी उंची जुळवेल, मग हत्तीच्या कपाळाचा विचार करेल.

फोन या सगळ्यात खिशात असावा आणि कोड्यापुरताच बाहेर निघावा. हे साधतं. कोडं चांगलं असलं तर डोळे आपोआप वर जातात.

दुसरा आक्षेप मला जास्त गंभीर वाटतो, आणि तो खेळ आवडणाऱ्यांकडून क्वचितच ऐकू येतो. पेठा हे संग्रहालय नाही. तिथे माणसं राहतात. वाड्याच्या दिंडी दरवाज्यातून आत डोकावणाऱ्या मुलांच्या टोळीला चौकात कपडे वाळत घालणाऱ्या बाईनं का सहन करावं? तिला कुणी विचारलं होतं का? शंभर वर्षं जुनं कोरीव दार पाहण्यासारखं असतं, पण त्या दाराआड भाडेकरू आणि मालक यांचा वाद चालू असेल, छप्पर गळत असेल, घरात आजारी माणूस असेल. बुधवार पेठेचं तर वेगळंच सांगायला हवं. दगडूशेठच्या गर्दीपासून काही मिनिटांवर वेश्यावस्ती आहे. तिथल्या गल्लीतून ‘रंगीत दाराचा फोटो काढा’ असं काम देणारा खेळ त्या बायकांच्या खासगीपणावर घाला घालेल, आणि तो घालणाऱ्याला कदाचित कळणारही नाही, कारण त्याच्या नकाशावर ती गल्ली नुसती एक रेघ आहे. इथे राहणाऱ्या माणसांना विचारल्याशिवाय त्यांच्या दारावर कोडं लावायचं नाही, आणि माणसांचे फोटो हे कधीच उत्तर असू नये, हे दोन नियम मी कोणत्याही खेळाला सक्तीचे करीन. एखाद्या वाड्यानं नको म्हटलं तर तो वाडा गाळायचा. त्यावर चर्चा नको.

पण राहणाऱ्यांना विचारायला गेलं की खेळ समृद्धच होतो. १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलं. ते पाणी पाहिलेली माणसं आज सत्तरीच्या पुढे आहेत. ‘पाणी कुठवर आलं होतं?’ या प्रश्नाचं उत्तर अजून माणसं आपल्या घराच्या भिंतीवर हात ठेवून दाखवू शकतात. आणखी काही वर्षांनी नाही दाखवता येणार. नदीकाठच्या पेठांमधल्या शाळांनी मुलांना हे विचारायला आत्ता पाठवलं, आजी-आजोबांच्या संमतीनं त्या खुणा नोंदवल्या, आणि त्यांचीच कोडी केली, तर खेळ तयार होता होता शहराचा एक दस्तावेज तयार होईल. मुलांनी घातलेली कोडी तज्ज्ञांच्या कोड्यांपेक्षा चांगली असतात असा माझा विश्वास आहे, कारण त्यांची नजर अजून खाली असते. उंबरे, जोती, नाल्याची तोंडं, पायरीत बसवलेला जुना दगड त्यांना दिसतो.

आता करायचं कसं, याबद्दल. महापालिका एखादी योजना मनावर घेते तेव्हा पहिली निविदा ॲपची निघते आणि तिथेच मी हात जोडून सांगेन, ॲप नको. ॲप सांभाळायला माणूस लागतो, फोनच्या नव्या आवृत्तीबरोबर ते बदलावं लागतं, कंत्राट संपलं की ते मरतं, आणि त्याबरोबर त्यातली सगळी माहितीही जाते. कोडी साध्या वेबपानावर असावीत, एकदा उघडली की नेटवर्क गेलं तरी वाचता यावीत, छापून हातात घेता यावीत. ज्याच्याकडे स्मार्टफोन नाही त्या मुलालाही कागदावर खेळता आलं पाहिजे. नकाशासाठी ओपनस्ट्रीटमॅप आहे. तो कुणालाही वापरता येतो आणि त्यात चुकलेली गल्ली दुरुस्त करता येते. मजकूर मुक्त परवान्याखाली ठेवला तर नाशिक किंवा सोलापूरची शाळा तो सांगाडा उचलून आपल्या गावाचा खेळ करू शकेल.

माहिती गोळा करण्याचा मोह टाळावा. कोण कुठे किती वेळ थांबलं याची नोंद ठेवायची काहीच गरज नाही. मुलं खेळणार असतील तर प्रश्न कायद्याचाही आहे: २०२३ चा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा अठरा वर्षांखालच्या मुलांची माहिती हाताळण्यासाठी पालकांची संमती मागतो आणि मुलांचा माग काढण्याला मनाई करतो. फुकट खेळाच्या बदल्यात मुलांच्या फिरण्याचा हिशेब घेणाऱ्या कंपनीला शाळेच्या दारातून आत घेऊ नये.

वाटेवर पाणी कुठे मिळेल, स्वच्छतागृह कुठे आहे, बसायला पार कुठे आहे, चाकाच्या खुर्चीला कोणता रस्ता जमणार नाही, हेही त्याच पानावर असावं. बायका आणि वयस्कर माणसं शहरात चालतील की नाही, हे बऱ्याचदा यावरच ठरतं. आणि ही माहिती लिहायला बसलं की महापालिकेलाच कळेल की कोणत्या पेठेत लिहिण्यासारखं काही नाही.

गाइडच्या पोटावर पाय येईल अशी भीती काही जण बोलून दाखवतात. वारसा फेऱ्या घेणारी माणसं पुण्यात आहेत आणि त्यांचं काम फोन करू शकणार नाही, कारण श्रोत्यानं मध्येच विचारलेल्या प्रश्नाला फोनकडे उत्तर नसतं. पण ज्याला फेरीचे पैसे परवडत नाहीत, रविवारी सकाळी वेळ मिळत नाही, किंवा पंचवीस अनोळखी लोकांच्या घोळक्यात जायला संकोच वाटतो, तो फेरीला येतच नव्हता. लातूरहून शिकायला आलेली मुलगी, बिहारमधून बांधकामावर आलेला मुलगा, यांना हे शहर ओळखीचं व्हावं असं वाटत असेल तर फुकट आणि एकट्यानं खेळता येणारा मार्ग हवा, मराठीत आणि हिंदीतही. गाइडना मात्र कोडी रचण्याचं काम मानधन देऊन द्यावं. गेंड्याबद्दल पानभर माहिती असणारा माणूस एका ओळीत नेमकं काय विचारायचं हे जाणतो.

एक गोष्ट अजून राहते, आणि मला ती सगळ्यात महत्त्वाची वाटते. बुधवार पेठेत जिथे १८४८ मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाईंनी मुलींची शाळा काढली, तो भिडे वाडा डिसेंबर २०२३ मध्ये पाडला गेला. तिथे राष्ट्रीय स्मारक व्हायचं आहे. स्मारकाबद्दल मला आदर आहे. पण त्याआधीची कित्येक वर्षं तो वाडा मोडकळीला आलेला, खाली दुकानं चालू असलेला, गणपतीच्या दर्शनाला येणाऱ्या गर्दीच्या अगदी समोर उभा होता, आणि त्या गर्दीतल्या फार थोड्यांनी मान वळवून वर पाहिलं. खटले चालू राहिले, लाकूड कुजत राहिलं. एखादी वास्तू वाचवण्याची मागणी करायला ती आधी पाहिलेली असावी लागते. दर वर्षी पेठेतल्या शाळांची मुलं कोड्याच्या निमित्तानं त्या जिन्यासमोर उभी राहिली असती, आणि एका वर्षी त्यांचं उत्तर चुकलं असतं कारण खिडकीची कमान पडून गेली होती, तर शिक्षकानं ते कळवलं असतं, पालकांनी विचारलं असतं. कोड्यांचा संच ही अशा अर्थानं वास्तूंची हजेरी आहे. उत्तर सापडलं नाही तर ‘इथलं काय गेलं?’ हे कळवायची सोय त्याच पानावर ठेवा, आणि ती तक्रार थेट महापालिकेच्या वारसा कक्षाकडे जाऊ द्या.

हे सगळं एकदम सतरा पेठांत करायची गरज नाही. येत्या जूनमध्ये एका क्षेत्रीय कार्यालयानं गंज पेठेतली एक शाळा निवडावी, फुले वाड्यापासून पंचहौदापर्यंतची आणि तिथून मंडईपर्यंतची वाट घ्यावी, आठवीच्या मुलांकडून कोडी लिहून घ्यावीत, राहणाऱ्यांची संमती मिळवावी, एका अभ्यासकाकडून तपासून घ्यावीत आणि दिवाळीच्या सुट्टीत ती सगळ्या शहराला खुली करावीत. यासाठी लागणारी रक्कम एखाद्या चौकाच्या सुशोभीकरणापेक्षा कमीच असेल. नगरसेवकांनी ती आपल्या प्रभागाच्या निधीतून द्यावी, आणि आपण नागरिकांनी त्यांच्याकडे ती मागावी.